प्रवरेची पांढरी



या व्याख्यानमालेच्या चालकांनी मला विषय विचारला तेव्हा मी एका दमात सांगितले की, मी प्रवरेवर बोलेन. चालक थोडे खट्टू झाल्यासारखे वाटले. कालच्या वक्त्यांनी आपल्याला ग्रहताऱ्यांत फिरवून आणले, उद्याचे वक्ते युरोपात नेणार आहेत. आणि मधल्या दिवशी हा गृहस्थ आपल्याला नेणार कुठे, तर गावाच्या घाटावर! संगमनेरकराला प्रवरा काय सांगायची? तो तिच्यात पोहला आहे, तिच्या पुलावरून रोज जातो, आणि पूर आला की छत्री घेऊन पाहायला उभा राहतो. पण माझा अनुभव असा आहे की, रोज दिसणारी वस्तूच आपल्याला सर्वांत कमी ठाऊक असते. आपल्यापैकी कितीजणांनी ही नदी उगमापासून संगमापर्यंत पाहिली आहे, असे मी विचारले तर फार थोडे हात वर होतील. तेव्हा आजची संध्याकाळ तिच्यासाठी काढू.

प्रथम तिचा प्रदेश. सह्याद्रीच्या माथ्यावर कुलंग आणि रतनगड यांच्या दरम्यानच्या डोंगरांत प्रवरा उगम पावते. रतनगडाच्या पायथ्याशी रतनवाडीचे अमृतेश्वराचे देऊळ आहे, ते आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिले असेल. तिथून पश्चिमेला घाटघरच्या कड्यावर जाऊन उभे राहावे. समोर जमीन एकदम तुटते आणि खाली कोकण दिसते. समुद्र तिथून शंभरएक किलोमीटरांवर आहे. पण आपली नदी त्या जवळच्या समुद्राकडे पाठ फिरवते, पूर्वेची वाट धरते, गोदावरीला मिळते आणि गोदावरीच्या हाताने आपले पाणी थेट बंगालच्या उपसागरात पोहोचवते. शेजारच्या अंगणात विहीर असताना पाणी आणायला चार गावे ओलांडून जावे, तसा हा प्रकार! परंतु तो तिचा हट्ट नव्हे. जमिनीचा उतारच तसा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याच्या थरांवर थर पसरून हे पठार झाले. त्याची पश्चिमेची कड उंच राहिली आणि बाकीचे सारे पूर्वेला कलले. आपल्या घाटावर ज्या काळ्या दगडावर परीट कपडे आपटत आले, तो त्याच थरांतला दगड.

उगमापासून थोड्याच अंतरावर भंडारदऱ्याचे धरण आहे. त्याचे काम १९१० साली सुरू झाले आणि १९२६ साली पुरे झाले. त्या काळी देशातल्या सर्वांत उंच धरणांत त्याची गणना होई. धरणाच्या खाली रंधा फॉल. तिथे नदी दीडशे फुटांहून अधिक खोल उडी घेते आणि डोंगराचे बोट सोडते. पुढे अकोले, मग उत्तरेकडून येणारी आढळा, मग आपले संगमनेर. इथे म्हाळुंगी येऊन मिळते. गावाच्या नावातला ‘संगम’ तो हाच. आणखी खाली ओझरचा बंधारा, तिथून फुटलेले डावे-उजवे कालवे, मग राहुरी-श्रीरामपूरचा उसाचा मुलूख. नेवाशाच्या अलीकडे दक्षिणेकडून मुळा येते. ती प्रवरेची धाकटी बहीण म्हणावी, कारण तिचाही जन्म त्याच डोंगररांगेत. शेवटी टोक्याला, प्रवरासंगमाला, गोदावरी. सारी चाल सुमारे दोनशे किलोमीटरांची. आपल्या देशातल्या नद्यांच्या पंगतीत प्रवरा पार शेवटच्या पानावर बसेल.

या दोनशे किलोमीटरांत एक गोष्ट मात्र विलक्षण घडते. घाटघर-रतनवाडीकडे वर्षाला पाच हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो. तिथला माणूस पावसाळ्यात इरले डोक्यावरून उतरवत नाही. आणि आपल्या संगमनेराला किती? जेमतेम चार-पाचशे. म्हणजे एका दिवसाच्या एस.टी. प्रवासात आपण भाताच्या खाचरातून निघून बाजरीच्या शेतात उतरतो. नदीत जे पाणी येते ते इथले नव्हेच, ते डोंगराचे पाणी. इथला माणूस आभाळाकडे पाहून कोरडा राहतो आणि शेजारून दुसऱ्याच्या पावसाचे पाणी वाहत असते. ही एवढी गोष्ट लक्षात ठेवा. आता मी जे सांगणार आहे, ते पुष्कळसे या एका गोष्टीवर उभे आहे.

नदीच्या पौराणिक बाजूचे दोन शब्द सांगितले पाहिजेत, नाहीतर माझ्या समोर बसलेल्या आजीबाई मला घरी जाऊ देणार नाहीत. प्रवरेला आपण अमृतवाहिनी म्हणतो. देवदैत्यांनी समुद्र घुसळला, अमृत निघाले, आणि मोहिनीरूप घेतलेल्या विष्णूने ते नेवाशाला वाटले, अशी कथा आहे. म्हणून तिथे मोहिनीराजाचे देऊळ. देवांच्या पंगतीत चोरून बसलेल्या राहूचे मस्तक उडाले, ते राहुरीला पडले आणि काया कायगावाला, असे लोक सांगतात. वर अकोल्याला अगस्तींचा आश्रम, उगमाशी अमृतेश्वर. म्हणजे उगमापासून संगमापर्यंत या नदीवर अमृताची एक माळच गुंफलेली आहे. आता हा इतिहास आहे काय? नाही. पण ज्या मुलखात चारशे मिलिमीटर पाऊस पडतो, तिथल्या माणसांनी वाहत्या पाण्याला अमृत म्हणावे, यात मला मोठी समजूत दिसते. कोकणातल्या नदीला असे नाव कोणी दिले असते असे मला वाटत नाही.

असो. आता आपण जमिनीत उतरू.

खेड्यातल्या मंडळींना ‘काळी’ आणि ‘पांढरी’ हे दोन शब्द सांगायला नकोत. काळी म्हणजे पिकाची जमीन आणि पांढरी म्हणजे गावठाणाची जमीन. गावठाणाची माती पांढरी का? तर पिढ्यान् पिढ्या तिथे चुली पेटल्या, राख पडली, भिंती पडल्या, शेण-गोठा झाला, पुन्हा त्यावर घरे उठली. माणसाच्या राहण्याने माती पांढरी होते. म्हणून रानात कुठे ओसाड टेकाड असेल आणि त्याची माती पांढुरकी असेल, तर निःशंक समजावे की इथे कधीकाळी गाव नांदत होते. आपल्या शेतकऱ्याला हे शास्त्र पूर्वीपासून ठाऊक आहे. फक्त त्याने त्याचा उपयोग निराळा केला. पांढरीची माती खताला चांगली, धाब्याच्या घराला चांगली. म्हणून गाड्या जुंपून तो ती नेत आला.

प्रवरेच्या काठी अशी टेकाडे जागोजाग होती आणि काही अजून आहेत. आपल्यापासून अगदी हाकेच्या अंतरावरचे टेकाड म्हणजे जोर्व्याचे. १९५०-५१ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजातील डॉ. हसमुख धीरजलाल सांकळिया आणि डॉ. शां. भा. देव यांनी तिथे उत्खनन केले. तोवर महाराष्ट्राचा इतिहास म्हणजे सातवाहनांपासूनचा इतिहास असा समज होता. त्याच्या मागे काय, याचे उत्तर कोणाजवळ नव्हते. फार तर दंडकारण्य म्हणत आणि पान उलटत. जोर्व्याला मिळाली ती मुख्यतः खापरे. तांबड्या, घट्ट भाजलेल्या, चाकावर घडवलेल्या भांड्यांची, वर काळ्या रंगाने रेघा, जाळ्या, त्रिकोण काढलेले. नख मारले तर धातूसारखी वाजणारी. तोटीची भांडी तर अशी घाटदार की आजच्या कुंभारानेही दोन घटका पाहत राहावे. त्यांच्याबरोबर तांब्याच्या सहा चपट्या कुऱ्हाडी आणि एक बांगडी. लोखंडाचा मागमूस नाही. हत्यारे पुष्कळशी गारेच्या दगडाची, वस्तऱ्यासारखी पातळ पाती. तांबे आणि दगड बरोबर वापरणारे म्हणून त्यांना ताम्रपाषाण काळातले लोक म्हणतात. त्यांचा काळ सामान्यतः इ. स. पूर्व १४०० ते १०००. पुढे तापी, गोदावरी, भीमा यांच्या खोऱ्यांत जिथे जिथे अशी खापरे सापडली, तिथे तिथे त्या संस्कृतीला ‘जोर्वे संस्कृती’ असे नाव पडले. जगातल्या पुरातत्त्वाच्या ग्रंथांत आपल्या तालुक्यातल्या एका खेड्याचे नाव असे कायमचे जाऊन बसले आहे. मी परवा चौकात चौघांना विचारले, जोर्वे कशासाठी प्रसिद्ध आहे? एकाने भाजीपाला सांगितला.

जोर्व्यानंतर सांकळिया नेवाशाला गेले. १९५४ ते १९५६ आणि नंतर १९५९ ते १९६१ असे तिथे काम चालले. पहिल्या उत्खननाच्या अहवालाला त्यांनी नाव दिले त्याचा अर्थ ‘नेवाशाला इतिहासाकडून प्रागितिहासाकडे’ असा होतो. आणि ते अगदी यथार्थ आहे. कारण जमिनीत माणूस उलटा चालतो. वर मुसलमानी आणि मराठी अमदानीतील नेवासे, त्याखाली सातवाहनांचे, त्याखाली जोर्वे संस्कृतीचे, आणि नदीच्या काठच्या गोट्यांच्या थरांत त्याहीपेक्षा फार फार जुने.

आधी त्या सर्वांत जुन्याचे सांगतो. प्रवरेचे काठ पाहा. कुठेकुठे ते पाच-सहा पुरुष उंच आहेत आणि पावसाने त्यांच्यात घळी पडल्या आहेत. या घळींना आपण निरुपयोगी रान म्हणतो, पण भूगर्भ जाणणाराला ती उघडून ठेवलेली पोथी असते. तळाशी काळा खडक, त्यावर चुन्याने सिमेंटसारखे घट्ट बसलेले गोटे, त्यावर गाळ, मग पुन्हा बारीक गोट्यांचा थर, पुन्हा गाळ, आणि सर्वांत वर काळी माती. खालच्या गोट्यांत काळ्या दगडाच्या मोठ्या हातकुऱ्हाडी सापडतात; वरच्या बारीक गोट्यांत गारेच्या, सूर्यकांताच्या लहान तासण्या आणि टोकदार हत्यारे. नेवाशाजवळच्या चिर्की नाल्याकाठी गुद्रुन कोर्व्हिनस या जर्मन विदुषीने १९६६ ते १९६९ या वर्षांत उत्खनन केले. दगडधोंड्यांच्या एका जुन्या पृष्ठभागावर तिला हजाराहून अधिक हत्यारे मिळाली. या थरांचे वय तीन-साडेतीन लाख वर्षांपलीकडचे असावे, असे मापनावरून दिसते. तो माणूस शेती करत नव्हता, भांडे घडवत नव्हता, त्याने घर बांधले असेल तर त्याचा माग उरलेला नाही. पण नदीच्या गोट्यांतून हाताला बसेल असा गोटा निवडायचा, आणि दुसऱ्या दगडाने त्याच्या दोन्ही अंगांनी ढलपे काढून त्याला बदामासारखा आकार द्यायचा, इतके त्याला येत होते. आपण शहाणे लोक तसा एक दगड घडवायला बसलो तर संध्याकाळपर्यंत बोटे फुटतील आणि दगड होता तसा राहील. मी करून पाहिले आहे.

त्या माणसापासून जोर्व्याच्या शेतकऱ्यापर्यंतचा काळ मी एका उडीत ओलांडतो, कारण मला दायमाबादेला पोहोचायची घाई आहे.

श्रीरामपूर तालुक्यात, प्रवरेच्या डाव्या काठी, दायमाबाद हे उजाड गावठाण. १९५८ साली बी. पी. बोपर्डीकर यांनी ते टेकाड हेरले, नंतर म. न. देशपांडे, एस. आर. राव आणि सा. अ. साळी यांनी वेगवेगळ्या वेळी तिथे खणले. साळींचे काम १९७५ ते १९७९ असे चालले. तिथे एकावर एक पाच वस्त्या निघाल्या. सर्वांत खालची इ. स. पूर्व सुमारे २२००-२३०० इतकी मागे जाते. म्हणजे आजपासून चार हजारांवर वर्षे. दुसऱ्या वस्तीत उत्तर हडप्पा काळाच्या खुणा आहेत: सिंधू लिपीतील अक्षरे असलेल्या मातीच्या बटनासारख्या दोन मुद्रा, अक्षरे कोरलेली खापरे, आणि कच्च्या विटांनी बांधून काढलेली एक कबर. सिंधूच्या काठची ती अक्षरे, आणि वाचणारे आपण, त्यांच्यापासून इतक्या दूर, बेलापूर-श्रीरामपूरच्या रानात! ती अक्षरे अजून कोणाला निर्विवाद वाचता आलेली नाहीत, हे खरे. पण ती इथवर आली, एवढे तर वाचता येते. वरच्या, जोर्वे काळातल्या वस्तीचा विस्तार सुमारे वीस हेक्टर होता. भोवती मातीची तटबंदी आणि बुरूज होते. त्या वेळच्या महाराष्ट्रात ते शहरच म्हटले पाहिजे.

१९७४ साली दायमाबादेला एक भिल्ल शेतकरी झुडपाच्या मुळाशी खणत होता. त्याच्या हाताला धातू लागला. माती बाजूला केली तेव्हा चार वस्तू निघाल्या: दोन बैल जुंपलेला आणि वर उभा माणूस असलेला रथ, एक रेडा, एक हत्ती आणि एक गेंडा. जनावरांना पाट आणि चाके, म्हणजे ती ओढता येत असावीत. रथ सुमारे ४५ सेंटिमीटर लांब. हत्ती पंचवीस सेंटिमीटर उंच. सारे भरीव ओतीव काम. चौघांचे मिळून वजन साठ किलोंहून जास्त. जिथे एक कुऱ्हाड आणि एक बांगडी म्हणजे घरातले धन, तिथे साठ किलो धातूची खेळणी? ती खेळणी नसणारच. मिरवणुकीची, पूजेची काहीतरी असतील. त्यांच्या काळाबद्दल पंडितांत वाद आहे. साळी, ढवळीकर त्यांना उत्तर हडप्पा काळातली मानतात. त्यांच्यात आर्सेनिकचे प्रमाण जास्त आहे म्हणून डी. पी. अग्रवाल यांनी शंका घेतली. जमिनीतून शास्त्रीय रीतीने, थरासकट निघाली असती तर हा वाद उरला नसता. हे मी त्या शेतकऱ्याला दोष देण्यासाठी म्हणत नाही. त्याने ती वितळवली नाहीत, हे आपल्यावर उपकार आहेत. आज त्या वस्तू मुंबई-दिल्लीच्या संग्रहालयांत आहेत. जमल्यास मुलांना घेऊन जाऊन पाहा. त्यातल्या रथावरचा माणूस नीट पाहा. हात पुढे करून तो असा उभा आहे, की बैलांना आताच ‘हो’ म्हणेल.

आता या लोकांच्या घरात जाऊ. घरे कुडाची, मातीने लिंपलेली, वर गवती छप्पर. जमीन चोपून केलेली. शेत नदीकाठच्या काळ्या मातीत. ओलाव्यावर पिकणारा जव, गहू, मसूर अशी पिके. गुरे, शेळ्या-मेंढ्या, जोडीला हरणाची शिकार, नदीचे मासे. एक प्रश्न मला नेहमी पडे. पाऊस एवढा डोंगराकडे असताना ही गावे वसली ती नेमकी कोरड्या पट्ट्यात का? जोर्वे, दायमाबाद, नेवासे: तिन्ही कमी पावसाची. उत्तर असे दिसते की, डोंगराकडचे दाट जंगल तोडायला लोखंड हवे, आणि ते त्यांच्याजवळ नव्हते. चपट्या तांब्याच्या कुऱ्हाडीने सागाचे रान हटत नाही. इकडे मात्र झाडी विरळ, काळी माती ओलावा धरणारी, पाती काढायला गारेचा दगड नदीतच पडलेला, आणि पाणी डोंगराने पाठवलेले. दुसऱ्याच्या पावसावर संसार करण्याची ही आपली रीत तेव्हापासूनची आहे.

घराच्या जमिनीखाली मात्र एक गोष्ट आढळते, ती सांगताना जड वाटते. नेवाशाला शंभराहून अधिक पुरणे निघाली, आणि त्यांतली बहुतेक लहान मुलांची. मूल गेले की त्याला दोन मडक्यांत ठेवायचे, मडकी तोंडाला तोंड लावून आडवी घालायची आणि घरातच, पायाखालच्या जमिनीत, पुरायची. एका मुलाच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ होती. तिच्या दोऱ्याची तपासणी झाली, त्यात रेशमाचा आणि कापसाचा अंश आढळल्याची नोंद आहे. तीन हजार वर्षे तांब्याच्या गंजाने तो दोरा जपला. जोर्वे संस्कृतीत मोठ्या माणसांना पुरताना पुष्कळदा घोट्याखालचे पाय तोडलेले दिसतात. मेलेला उठून जाऊ नये अशी समजूत असावी, असा तर्क आहे. मुलांचे मात्र पाय कोणी तोडले नाहीत. त्याचे कारण अभ्यासक निरनिराळे देतात. आमच्या घरी मी ही हकीकत सांगितली तेव्हा माझी आई एवढेच म्हणाली, “मूल कुठं जाणार आहे घर सोडून?” मला वाटते, हा तर्क कोणत्याही अहवालातल्या तर्काइतका बरा आहे.

इथे कोणीतरी हमखास विचारतो, हे लोक आर्य की अनार्य? दरवर्षी विचारतो, आजही शेवटी चिठ्ठी येईलच. माझे उत्तर असे की, खापराला भाषा नसते. त्यांचा देव कोणता, बोली कोणती, हे त्यांनी लिहून ठेवले नाही. त्यांना आपल्या वादात एका बाजूला उभे करण्याचा आपल्याला अधिकार नाही. त्यांनी ही जमीन पहिल्यांदा पेरली, एवढे नाते मला पुरते.

आणि मग, इ. स. पूर्व १००० च्या सुमारास, ही सारी गावे उठली. जोर्वे उठले, नेवासे उठले, तटबंदीचे दायमाबादही उठले. शत्रूने जाळल्याच्या खुणा नाहीत. घरे सोडली आणि गेले. नेवाशाला ताम्रपाषाण थर आणि त्यावरचा सातवाहनपूर्व-सातवाहन काळाचा थर यांच्यामध्ये काही शतके कोणीही राहिले नाही. पाच-सहाशे वर्षांचे मौन आहे ते. का गेले? ढवळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे म्हणणे असे की, हवामान कोरडे होत गेले, पाऊस कमी झाला. घोड नदीवरच्या इनामगावाला १९६८ ते १९८३ अशी पंधरा वर्षे उत्खनने झाली. तिथे वस्ती इ. स. पूर्व ७०० पर्यंत टिकली, पण कशी? मोठी चौकोनी घरे जाऊन लहान गोल झोपड्या आल्या, शेती आटली, शिकार आणि शेळ्या-मेंढ्या वाढल्या. हे दारिद्र्य मातीत स्पष्ट उमटलेले आहे. सर्वांना हे कारण पूर्ण पटते असे नाही. जमिनीचा कस गेला, लोकसंख्या वाढली, अशीही कारणे देतात. पण मी १९७२ चा दुष्काळ ऐकला आहे, माझ्या वडिलांनी खडी फोडलेली आहे. मला पहिले कारण समजायला कठीण जात नाही. एक वर्ष माणूस थांबतो. दुसऱ्या वर्षी गुरे विकतो. तिसऱ्या वर्षी पोराबाळांना घेऊन निघतो. ज्या घराच्या जमिनीत मूल पुरलेले आहे, ते घर सोडून निघतो.

सातवाहनांच्या काळाचे मी थोडक्यात उरकतो, कारण त्याबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. आता लोखंड आले होते, प्रतिष्ठान म्हणजे पैठण ही राजधानी गोदावरीवरच खाली होती, आणि नेवासे पुन्हा भरभराटले. रोमन मद्याच्या दोन कानांच्या उंच बरण्यांचे तुकडे तिथे निघाले आहेत. भूमध्य समुद्राकडची दारू प्रवरेकाठी कोण पीत होते हे सांगता येत नाही. कोणीतरी पीत होते हे नक्की. नंतर ते नेवासेही ओसरले, आणि उत्खनन झालेल्या टेकाडावर पुन्हा मोठी पोकळी पडली. पण काठ काही रिकामा नव्हता. शके ९२२ म्हणजे इ. स. १००० चा दुसऱ्या भिल्लम यादवाचा ताम्रपट आपल्या संगमनेरच्या नावाने ओळखला जातो. आणि शके १२१२ म्हणजे इ. स. १२९० मध्ये नेवाशाला ज्ञानेश्वरांनी गीतेवरची टीका सांगितली, ते मी या सभेत काय सांगावे? एवढेच म्हणतो की, ज्या पैस खांबाला आपण डोके टेकतो, त्याच्या आसपासच्या मातीखाली त्याहून अडीच हजार वर्षांपूर्वीच्या चुली आहेत.

आता अलीकडचे. भंडारदऱ्याचे पाणी कालव्यांनी खेळू लागले आणि जो कोरडा पट्टा तीन हजार वर्षांपूर्वी लोकांना सोडावा लागला, तो उसाने हिरवा झाला. १९५० साली लोणीला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने सहकारी साखर कारखाना उभा राहिला. मी ऊस आणि सहकार यांवर बोलणार नाही. त्यासाठी आपल्याकडे वक्त्यांची टंचाई नाही. पण पाणी आले तशी जमिनीची किंमत आली, आणि जमिनीची किंमत आली तशी टेकाडे सपाट होऊ लागली. पूर्वी बैलगाडीने पांढरी न्यायचे. एका पिढीत टेकाडाचा कोपरा जाई. आता यंत्र येते आणि चार दिवसांत टेकाड जाते. नदीतली वाळू आणि गोटे ट्रकांनी जातात. त्या गोट्यांतच तीन लाख वर्षांपूर्वीच्या कुऱ्हाडी आहेत. कोणाच्या तरी स्लॅबमध्ये, कोणाच्या तरी जोत्यात त्या आज बसल्या असतील.

दोन वर्षांपूर्वी मी नदीकाठच्या एका गावी गेलो होतो. तिथले एक टेकाड माझ्या विद्यार्थिदशेत मी चढून गेलो होतो. आता तिथे मक्याचे शेत. शेतधनी भला माणूस. म्हणाला, “गुरुजी, खापरं लई निघत होती, बांधाला टाकली.” बांध पाहिला. शंभर पावले लांब, सारा जोर्व्याच्या खापरांचा. तोट्या, काठ, काळ्या रेघा. मधेच एक मडक्याचा मोठा तुकडा, आत माती घट्ट बसलेली. मी तो हलवला नाही. त्याने विचारले, “याचं काय करू?” मी म्हटले, “आहे तसं राहू द्या, आणि बाकीच्या पट्टीत आता नांगर खोल घालू नका.” त्याने ते मान्य केले. पण त्याला मी काय देऊ शकत होतो? त्याची अर्धा एकर जमीन आहे ती. सरकारने संरक्षित केलेली टेकाडे थोडी. राहिलेली सारी खासगी शेतांत आहेत. मालकाला भरपाई न देता इतिहासाची जबाबदारी त्याच्या माथी मारणे मला न्यायाचे वाटत नाही, आणि न सांगता ती गेली असे म्हणणेही नाही. निदान नोंद तर करता येईल: कोणत्या गटात पांढरी आहे, किती उंच आहे, काय निघते. नगरपालिकेला नको, सरकारला नको. आपल्या वाचनालयाला एक वही पुरे. उगमापासून टोक्यापर्यंत प्रत्येक गावातल्या एका शिक्षकाने हे मनावर घेतले, तर दोन पावसाळ्यांत काम होईल.

अध्यक्षांनी घड्याळाकडे दोनदा पाहिले. ते मी पाहिले. उद्या रविवार आहे. ज्यांना यायचे असेल त्यांनी सकाळी साडेसहाला म्हाळुंगीच्या पुलाजवळ जमावे. आपण जोर्व्याला जाऊ, टेकाड पाहू, नदीकाठचे थर पाहू आणि ऊन चढायच्या आत परत येऊ. भाकरी बांधून आणा. मुलांना जरूर आणा. मात्र खापर उचलून खिशात घालायचे नाही, जिथे पाहिले तिथेच ठेवायचे, हे त्यांना घरून सांगून आणा. आणि ज्यांच्या घरी एखादे आधीच आणून ठेवलेले असेल, त्यांनी ते कुठल्या शेतातून आणले ते आज रात्री आठवून एका चिठ्ठीवर लिहावे आणि चिठ्ठी मला द्यावी. रागावणार नाही.